आनंद पटवर्धन यांच्या कारकिर्दीतून नोकरी करणाऱ्या व्हिडिओ बातमीदाराने काय घ्यावे?

बालाघाटची (प्रश्न)

नमस्कार. मी मराठवाड्यातील एका वृत्तसंकेतस्थळासाठी व्हिडिओ बातमीदार म्हणून काम करते. चित्रीकरण, बाइट, संकलन आणि निवेदन अशी सगळी कामे माझ्याकडेच असतात आणि त्यातून तयार होणारी बातमी साधारण तीन मिनिटांची असते. गेल्या काही हंगामांत मी बीड जिल्ह्यातून निघणाऱ्या ऊसतोड कामगारांबरोबर पश्चिम महाराष्ट्रातील फडांपर्यंत गेले. मुकादमाकडून, म्हणजे मजूर पुरवणाऱ्या ठेकेदाराकडून, घेतलेली उचल (आगाऊ रक्कम), नवरा-बायको मिळून धरला जाणारा एक 'कोयता' (मजुरांची जोडी), फडाशेजारच्या कोप्या (झोपड्या), शाळा सोडून आईबापांबरोबर आलेली मुले, असे पुष्कळ साहित्य माझ्याकडे जमा झाले आहे. २०१९ मध्ये ऊसतोड करणाऱ्या स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची चर्चा राज्यभर झाली, तेव्हा आमच्यासारख्या माध्यमांना या विषयासाठी थोडी जागा मिळाली होती. पुढे ती आटत गेली आणि माझे बहुतेक चित्रीकरण वापरले न जाता तसेच पडून राहिले.

या साहित्यातून एक दीर्घ माहितीपट व्हावा असे मला मनापासून वाटते. त्या दृष्टीने मी अलीकडे माहितीपटकार आनंद पटवर्धन यांचे चित्रपट 'हमारा शहर'पासून 'विवेक'पर्यंत क्रमाने पाहिले. त्यांच्याविषयी मराठीत जे लिहिले जाते ते बहुधा सेन्सॉर आणि वाद यांच्याभोवती फिरते. मला मात्र त्यांच्या कामाची रीत समजून घ्यायची आहे. कोणतीही वाहिनी किंवा निर्मितीसंस्था पाठीशी नसताना एका माणसाने जवळजवळ पन्नास वर्षे हे काम कसे चालवले, पैसा कसा उभा केला, एकेका विषयाला दहा-दहा वर्षे देणे त्यांना कसे जमले, आणि ज्याचे घर पगारावर चालते अशा व्यक्तीने त्यातील काय घ्यावे, याविषयी जाणकारांनी लिहावे अशी विनंती आहे. नोकरी सोडून पूर्णवेळ याच कामात पडावे का, हाही प्रश्न मनात आहे आणि त्यावर स्पष्ट मत मिळाले तर ते मला हवेच आहे.

संकलनाचे टेबल

आपला प्रश्न योग्य जागी बोट ठेवणारा आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो. मी माहितीपटांचे संकलन करतो आणि पटवर्धनांच्या चित्रपटांकडेही त्याच अंगाने पाहत आलो आहे.

त्यांची सुरुवात १९७४ च्या बिहार आंदोलनात झाली. त्या वेळी त्यांच्याकडे स्वतःचा कॅमेरासुद्धा नव्हता. उसन्या, लहान फिल्मच्या सुपर-८ कॅमेऱ्यावर मोर्चे टिपायचे, ती चित्रे पडद्यावर टाकायची आणि पडद्यावरून १६ मिमी फिल्मवर पुन्हा उतरवायची, अशा खटपटीतून 'क्रांति की तरंगें' उभा राहिला. प्रतिमा भरड आणि दाणेदार आली, पण तो भरडपणा त्या काळाला शोभून दिसतो. आणीबाणी लागल्यावर हा चित्रपट उघडपणे दाखवणे अशक्य झाले, तेव्हा त्याची प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर गेली आणि तिकडे जोडली गेली. पटवर्धन त्याच सुमारास कॅनडातील मॅकगिल विद्यापीठात शिकायला गेले आणि तिथल्या प्रबंधासाठी त्यांनी याच चित्रपटाचा विषय घेतला. साधने अपुरी असताना, सत्तेच्या नजरेआड चित्रपट कसा करावा आणि लोकांपर्यंत कसा न्यावा, या प्रश्नाचा अभ्यास त्यांनी कारकिर्दीच्या आरंभीच केला होता, हे मला फार महत्त्वाचे वाटते. पुढच्या सगळ्या निर्णयांचे मूळ तिथे सापडते.

तो काळ कसा होता हेही लक्षात घ्यायला हवे. १९४८ मध्ये स्थापन झालेला केंद्र सरकारचा फिल्म्स डिव्हिजन हा तेव्हा माहितीपटांचा जवळजवळ एकमेव आश्रयदाता होता आणि त्याचे लघुपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी दाखवले जात. त्या चौकटीतही एस. सुखदेव आणि एस. एन. एस. शास्त्री यांच्यासारख्यांनी धीट प्रयोग केले, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु चित्रीकरणाची मालकी, अंतिम संकलनाचा अधिकार आणि प्रदर्शनाची किल्ली या तिन्ही गोष्टी सरकारकडे असत. पटवर्धनांनी या तिन्ही आपल्या हाती ठेवल्या, आणि त्यांच्या दीर्घ कारकिर्दीचा पाया माझ्या मते हाच आहे. ते स्वतः निर्माते झाले, स्वतः संकलन करू लागले आणि पुढच्या बहुतेक चित्रपटांत कॅमेराही त्यांच्याच खांद्यावर राहिला. माणसे कमी म्हणून खर्च कमी, आणि खर्च कमी म्हणून कोणाच्या वेळापत्रकाची सक्ती नाही. एका विषयाला चौदा वर्षे देणारा माणूस श्रीमंत असलाच पाहिजे असे नाही, पण त्याच्या कामाचा रोजचा खर्च अगदी थोडा असावा लागतो.

मालकीचा मुद्दा मी इतका ताणून का धरतो, ते एका उदाहरणाने सांगतो. १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये, मुंबईच्या फुटपाथवरील आणि झोपडपट्ट्यांतील माणसांच्या त्या कहाणीत, शाहीर विलास घोगरे गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्यावर जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला आणि दहा जणांचा बळी गेला. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी स्वतःचे जीवन संपवले. 'जय भीम कॉम्रेड'ची सुरुवात या घटनेतून झाली आणि तो २०११ मध्ये पूर्ण झाला. त्या चित्रपटात आपण घोगरेंना गाताना पाहतो, ते जुन्या चित्रीकरणामुळे. ते एखाद्या वाहिनीच्या गोदामात गेले असते, किंवा त्याच्या टेपा पुसून पुन्हा वापरल्या गेल्या असत्या (त्या काळी हे सर्रास होत असे), तर घोगरे यांच्यावरचा हा चित्रपट त्यांच्या आवाजावाचून करावा लागला असता.

अयोध्येच्या मंदिर-वादावरील 'राम के नाम'मध्येही असेच आहे. अयोध्येतील पुजारी लालदास यांची मुलाखत त्यात आहे. १९९३ मध्ये त्यांची हत्या झाली. एक धार्मिक माणूस, त्याच जागेवर उभा राहून, शांतपणे आपले म्हणणे मांडतो आहे, हे दृश्य त्यानंतर कोणालाही नव्याने टिपता येणार नव्हते.

त्यामुळे माझा पहिला सल्ला कॅमेऱ्याविषयी किंवा महोत्सवांविषयी नाही. पडून राहिलेले जे चित्रीकरण आपण म्हणता, ते आज कोणाच्या मालकीचे आहे हे आधी तपासा. आपले असेल तर त्याच्या दोन प्रती दोन वेगळ्या गावांत ठेवा, आणि प्रत्येक फाइलसाठी तारीख, गाव, फड, बोलणाऱ्या व्यक्तीचे नाव आणि ती काय बोलली याची वही लिहायला लागा. संकलनाला बसल्यावर ही वही कोणत्याही महागड्या यंत्रापेक्षा अधिक उपयोगी पडते.

छायापत्रकार_पुणे

वरील प्रतिसादातील बहुतेक गोष्टी मला मान्य आहेत, तरी एक बाजू त्यात आलेली नाही आणि प्रश्नकर्तीसाठी तीच निर्णायक ठरू शकते.

पटवर्धन ज्या घरात वाढले त्या घराचा वारसा मोठा होता. अहमदनगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका, दोघेही स्वातंत्र्यलढ्यातील अग्रणी. आई निर्मला पटवर्धन या शांतिनिकेतनात शिकलेल्या नामवंत कुंभकलाकार. आपल्या २०२३ च्या 'वसुधैव कुटुंबकम' या चित्रपटात त्यांनी हा सगळा कौटुंबिक पट स्वतःच उलगडला आहे. मुंबईत इंग्रजी साहित्याची पदवी घेतल्यानंतर ते अमेरिकेतील ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकले. यामुळे त्यांच्या धैर्याचे मोल तसूभरही कमी होत नाही. मात्र मुंबईत राहायला घर, इंग्रजीवर प्रभुत्व आणि परदेशातील विद्यापीठांशी ओळख हे भांडवल ज्याच्यापाशी नाही, त्याने 'नोकरी सोडा आणि झोकून द्या' हा सल्ला ऐकताना फार सावध असावे.

आपल्या क्षेत्रात दुसरीही एक परंपरा आहे आणि ती मला कमी प्रतीची वाटत नाही. सुधारक ओलवे यांनी वृत्तपत्रीय छायाचित्रकार म्हणून काम करत असतानाच मुंबईच्या सफाई कामगारांची छायाचित्रे वर्षानुवर्षे काढली. गटारात उतरणारी माणसे, त्यांची घरे, त्यांचे आजार आणि दारू हे सगळे त्यांनी असे टिपले की शहराला आपल्याच घाणीकडे पाहावे लागले. रोजच्या बातमीची शिस्त त्यांच्या या दीर्घ कामाच्या आड आली नाही. उलट त्या शिस्तीमुळे हात तयार राहतो, माणसांशी पटकन बोलता येते, आणि प्रकाश वाईट असताना, गर्दी रेटत असताना, पाच मिनिटांत निघायचे असतानाही चौकट नेमकी कशी लावायची हे अंगवळणी पडते. दीर्घ चित्रपटात या सगळ्याचा उपयोग होतोच होतो.

दानिश सिद्दीकी यांचेही उदाहरण डोळ्यांसमोर ठेवावे. दिल्लीच्या जामिया विद्यापीठात त्यांनी जनसंज्ञापनाचे शिक्षण घेतले, दूरचित्रवाणीवर बातमीदारी केली आणि २०१० मध्ये शिकाऊ म्हणून रॉयटर्समध्ये प्रवेश केला. रोहिंग्या निर्वासितांच्या छायाचित्रांसाठी २०१८ मध्ये ज्या चमूला पुलित्झर पारितोषिक मिळाले त्यात ते होते. करोनाच्या दुसऱ्या लाटेत पेटलेल्या चितांची त्यांची छायाचित्रे जगभर गेली. १६ जुलै २०२१ रोजी अफगाणिस्तानात स्पिन बोल्डकजवळ त्यांचा मृत्यू झाला, आणि पुढच्या वर्षी करोनाकाळातील कामासाठी सहकाऱ्यांसह त्यांना मरणोत्तर पुलित्झर मिळाले. त्यांनी अखेरपर्यंत एका वृत्तसंस्थेच्या नोकरीत राहून काम केले आणि त्या कामाला कोणीही उथळ म्हणणार नाही.

म्हणून माझे मत असे की आपण आज नोकरी सोडू नये. फडावर जाण्याचे भाडे आणि ओळखपत्र ही नोकरीच देते आहे. सुटीचे दिवस आणि हंगाम यांचा मेळ घालून स्वतःच्या चित्रपटासाठीचे चित्रीकरण वेगळे करावे, वेगळ्या कार्डावर करावे आणि शक्य झाल्यास स्वतःच्या कॅमेऱ्यावर करावे.

विधी_अभ्यासक

शेवटचे वाक्य कायद्याच्या दृष्टीने फार महत्त्वाचे आहे, म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा, आणि व्हिडिओ चित्रीकरणही त्यातच मोडते, लेखक म्हणजे त्याचा निर्माता मानला जातो. नोकरीच्या ओघात केलेल्या कामाचा पहिला मालक, उलट करार नसेल तर, नोकरी देणारा असतो. याचा अर्थ असा की संकेतस्थळाने पाठवलेल्या दौऱ्यावर, त्यांच्या खर्चाने आणि त्यांच्या यंत्रावर आपण जे टिपले ते आपल्याकडील हार्ड डिस्कमध्ये असले, तरी त्यावर आपला हक्क आहे असे गृहीत धरता येणार नाही. नेमणुकीचे पत्र काढून शब्दशः वाचा. न वापरलेले चित्रीकरण स्वतंत्र माहितीपटात वापरण्याची परवानगी आजच लेखी मागा. संस्थेला त्या चित्रीकरणाची किंमत वाटत नाही तोवर ती सहसा सहज मिळते. चित्रपट गाजू लागल्यावर तीच परवानगी मिळवणे अवघड होते.

पटवर्धनांच्या न्यायालयीन लढ्यांकडे बहुधा विचारस्वातंत्र्याची कहाणी म्हणून पाहिले जाते आणि ते योग्यच आहे. परंतु त्यांत वितरणाचा रोकडा विचारही होता, तो मला अधिक शिकण्यासारखा वाटतो. ऐंशीच्या दशकात, आणि नंतरही बराच काळ, ग्रामीण भारतापर्यंत चित्रपट पोहोचवू शकणारी मुख्य वाहिनी होती, ती म्हणजे दूरदर्शन. पटवर्धनांचे चित्रपट राष्ट्रीय पुरस्कार मिळवत होते, आणि सरकारने पुरस्कार दिलेला चित्रपट सरकारचीच वाहिनी कोणत्या कारणाने नाकारते, असा साधा, घट्ट युक्तिवाद घेऊन ते उच्च न्यायालयात जात राहिले. घटनेच्या १९(१)(अ) कलमातील अभिव्यक्तिस्वातंत्र्य आणि नागरिकांचा माहितीचा हक्क हा त्याचा आधार. 'राम के नाम'लाही याच मार्गाने दूरदर्शनवर जागा मिळाली.

यातील सर्वांत पुढे गेलेले प्रकरण 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' या चित्रपटाचे. धार्मिक हिंसा आणि पुरुषत्वाच्या कल्पना यांचा संबंध शोधणारा हा १९९५ चा चित्रपट दोन भागांत असून पहिल्या भागाला सर्वांसाठीचे आणि दुसऱ्याला प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र होते. दूरदर्शनने त्यावरून बरीच खळखळ केली. मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल पटवर्धनांच्या बाजूने लागला, दूरदर्शन सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि २५ ऑगस्ट २००६ रोजी तिथेही पटवर्धनच जिंकले. चित्रपट अकरा वर्षांचा झाला होता. या अकरा वर्षांत ते पुढचे काम करत राहिले, ही गोष्ट मला निकालाइतकीच मोलाची वाटते, कारण खटला हेच ज्यांचे काम होऊन बसते असे कलावंत आपण पाहिले आहेत.

दुसरे प्रकरण 'जंग और अमन' या अणुचाचण्यांनंतरच्या भारत-पाकिस्तानवरील चित्रपटाचे. चित्रपट परीक्षण मंडळाने (सेन्सॉर बोर्डाने) त्यात एकवीस काटछाटी सुचवल्या होत्या. पटवर्धनांनी त्यांतील एकही मान्य केली नाही, आणि २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो अखंड दाखवण्याचा मार्ग मोकळा केला. आज हा रस्ता अधिक खडतर आहे. मंडळाच्या निर्णयाविरुद्ध दाद मागण्यासाठी जे अपिलीय न्यायाधिकरण होते ते एप्रिल २०२१ मध्ये रद्द झाले आणि आता थेट उच्च न्यायालयातच जावे लागते. लहान निर्मात्यासाठी हा खर्च मोठा आहे.

आपल्या विषयापुरते सांगायचे तर, सार्वजनिक प्रदर्शनासाठी १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागते. महोत्सवांना केंद्राकडून सूट मिळते, पण ती नाकारलीही जाते. २०१९ मध्ये केरळच्या माहितीपट महोत्सवात 'विवेक'ला ती सूट मिळाली नव्हती आणि आयोजकांना केरळ उच्च न्यायालयातून परवानगी आणावी लागली. साखर कारखाने, मुकादम आणि रुग्णालये यांच्याविषयी आपल्या चित्रपटात जे काही म्हटले जाईल, त्याच्या प्रत्येक विधानामागचा कागद आपल्या फाइलमध्ये असला पाहिजे. बदनामीच्या खटल्याची शक्यता मला सेन्सॉरपेक्षा अधिक वाटते.

बालाघाटची

सर्वांचे मनःपूर्वक आभार. नेमणुकीचे पत्र काढून वाचले. त्यात मालकीविषयी एक मोघम वाक्य आहे, तेव्हा लेखी परवानगीचा अर्ज करतेच आहे. सुटीत स्वतःच्या कॅमेऱ्यावर टिपलेले चित्रीकरण कमी आहे, पण ज्या दोन कुटुंबांभोवती चित्रपट उभा राहावा असे वाटते त्यांच्याबरोबरचे बरेचसे त्यातच आहे.

एक अवघड गोष्ट राहते. ही माणसे माझ्याशी मोकळेपणाने बोलली, कारण बातमी दोन दिवसांत विसरली जाते हे त्यांनाही ठाऊक आहे. चित्रपट मात्र राहतो. पुढच्या हंगामात त्याच मुकादमाकडून उचल घ्यायची असताना, त्याच्याविषयी बोललेली बाई पडद्यावर दिसली तर तिचे काय होईल? पटवर्धनांच्या चित्रपटांतली माणसेही अशाच सत्तेच्या छायेत बोलत होती. त्यांनी हा प्रश्न कसा हाताळला?

घाटकोपर_पूर्व

मी चित्रपट क्षेत्रातला नाही. वस्तीत काम करणारा कार्यकर्ता आहे आणि 'हमारा शहर', 'जय भीम कॉम्रेड' हे दोन्ही चित्रपट वस्तीतल्या लोकांबरोबर बसून पाहिले आहेत. आपण विचारलेल्या प्रश्नावर त्या बाजूने लिहितो.

'हमारा शहर'मध्ये एक प्रसंग आहे. झोपडे पाडले गेलेली एक स्त्री कॅमेऱ्याकडे वळून चित्रपट करणाऱ्यालाच जाब विचारते. गरिबांची चित्रे काढून तुम्ही नाव कमवाल, आमचे घर त्याने परत येणार आहे का, अशा आशयाचे ती बोलते. हा भाग संकलनात सहज गाळता आला असता. तो ठेवला गेला, आणि माझ्या मते त्या चित्रपटाचा कणा तोच आहे, कारण पाहणाऱ्यालाही त्या प्रश्नापासून सुटका मिळत नाही. वस्तीत चित्रपट चालू असताना या प्रसंगाला लोक ज्या रीतीने सावरून बसतात ते पाहण्यासारखे असते. आपले म्हणणे गाळले गेले नाही, हे त्यांना कळते.

पण प्रसंग ठेवला म्हणून उत्तर दिले असे होत नाही, आणि पटवर्धन तिथे थांबले नाहीत. १९८६ मध्ये नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर वस्ती उठवली गेली, तेव्हा तिथल्या रहिवाशांबरोबर शबाना आझमी आणि पटवर्धन उपोषणाला बसले. लोकांना पर्यायी जागा मिळेपर्यंत तो लढा चालला. पत्रकाराने असे उतरावे का, यावर छायापत्रकार मंडळींचे मत वेगळे असू शकते आणि बातमीदारीत त्या अंतराला अर्थ आहे हे मी जाणतो. माझा मुद्दा एवढाच की ज्यांना चित्रपटात घेतले त्यांच्याकडे चित्रपटानंतरही जावे लागते.

रमाबाई नगरची गोष्ट आम्ही जवळून पाहिली. गोळीबारानंतर कॅमेरे आले आणि आठवड्याभरात निघून गेले. चौकशी आयोग, खटले, जामीन, पुन्हा तारखा हे सगळे वर्षानुवर्षे रेंगाळत राहिले, आणि त्या काळात जो कॅमेरा पुन्हा पुन्हा येत राहिला त्याच्याशी लोक वेगळ्या रीतीने बोलू लागले. 'जय भीम कॉम्रेड'मधील शाहीर, गायक पार्ट्या, वस्तीतल्या बायका यांची भाषा ऐका. समोरचा माणूस उद्याही येणार आहे हे ठाऊक असणारी ती भाषा आहे. चित्रपट पूर्ण झाल्यावर तो मुंबईच्या वस्त्यांत उघड्यावर पडदा लावून दाखवला गेला. तीन तासांहून मोठा चित्रपट, आणि माणसे रात्री उशिरापर्यंत जागेवरून हलली नाहीत. आमच्यातली कित्येक म्हातारी माणसे स्वतःची गाणी पहिल्यांदा पडद्यावर ऐकत होती.

अलीकडचे एक उदाहरण आपल्या कामाशी अधिक जवळचे आहे. बुंदेलखंडातील 'खबर लहरिया' या ग्रामीण स्त्रियांनी चालवलेल्या वृत्तमाध्यमावर 'रायटिंग विथ फायर' हा माहितीपट झाला. २०२१ च्या सनडान्स महोत्सवात त्याला पारितोषिके मिळाली आणि पुढच्या वर्षी ऑस्करचे नामांकनही. परंतु सोहळ्याच्या तोंडावर त्या वृत्तमाध्यमाने निवेदन काढून, चित्रपटातून आपल्या कामाचे चित्र पुरते आलेले नाही, असे म्हटले. चित्रपट चांगला आहे आणि तो करणाऱ्यांनी त्यासाठी अनेक वर्षे दिली होती, तरीही असे घडले. तेव्हा त्या दोन कुटुंबांना कच्चे संकलन आधी दाखवा, एकदा नाही तर जेव्हा मोठा बदल होईल तेव्हा प्रत्येक वेळी. बाईंना वेगळे विचारा, नवऱ्यासमोर विचारू नका. कोणत्या वाक्याने मुकादमाशी बिनसेल हे त्यांना आपल्यापेक्षा जास्त कळते, आणि एखादे वाक्य काढा म्हणाल्या तर चित्रपटाचे नुकसान झाले तरी ते काढा. ज्या वर्षी त्यांची उचल फिटलेली असेल किंवा त्यांनी फडावर जाणे सोडले असेल, त्या वर्षी तेच वाक्य परत घालता येईल का हेही त्यांनाच विचारा.

छायापत्रकार_पुणे

वरच्या प्रतिसादाशी मी सहमत आहे. त्यात एवढीच भर घालतो की लेखी संमती मराठीत, सोप्या शब्दांत घ्या आणि ती मागे घेता येईल असे त्यात नमूद करा. परदेशी निधी देणाऱ्या संस्था हल्ली याबद्दल आवर्जून विचारतात. मुलांच्या बाबतीत आईबापांची संमती असली तरी चेहरा दाखवताना वेगळा विचार करावा.

संकलनाचे टेबल

पैशाचा प्रश्न मागे राहिला होता, तो थोडक्यात घेतो. पटवर्धनांच्या पिढीत प्रती विकणे, परदेशी वाहिन्या, विद्यापीठे व ग्रंथालये यांना हक्क देणे आणि पारितोषिकाची रक्कम पुढच्या चित्रपटात घालणे असा हिशेब होता. आज तो बदलला आहे. फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाला. कोलकात्याच्या 'डॉकएज'सारखे पिचिंगचे, म्हणजे निधी देणाऱ्यांसमोर चित्रपट मांडण्याचे, मंच २००४ पासून आहेत आणि तिथे अपूर्ण चित्रपट घेऊन जाता येते. ॲमस्टरडॅमच्या 'इडफा' महोत्सवाचा बर्था निधी आपल्यासारख्या देशांतील चित्रपटांसाठीच आहे. याच महोत्सवात २०१८ मध्ये 'विवेक'ला सर्वोत्कृष्ट दीर्घ माहितीपटाचे पारितोषिक मिळाले होते. या सर्व ठिकाणी पाच-दहा मिनिटांचा नमुना मागतात आणि निर्णय बहुतांशी त्यावरच होतो. लघुरूपात काम मांडायचे असेल तर पी. साईनाथ यांनी २०१४ मध्ये सुरू केलेल्या 'पारी' या संकेतस्थळाकडे जरूर पाहा. ग्रामीण श्रमाविषयीचे लेख, छायाचित्रे आणि चित्रफिती तिथे मराठीसह अनेक भारतीय भाषांत प्रसिद्ध होतात.

नोकरी सोडण्याविषयी माझे मत छायापत्रकारांसारखेच आहे. नमुन्यासाठी निवेदन लिहायला घेऊ नका. तीन मिनिटांच्या बातमीची सवय लागली की प्रत्येक चित्रावर आपला आवाज घालावासा वाटतो आणि दीर्घ चित्रपटात तोच आवाज माणसांच्या बोलण्याला झाकून टाकतो. एका कुटुंबाचा एक दिवस घ्या, पहाटे फडाकडे निघण्यापासून गाडी भरून कारखान्याच्या रांगेत लागेपर्यंत, आणि तो त्यांच्याच बोलण्यावर आणि कामाच्या आवाजांवर उभा राहतो का ते पाहा. कोयत्याचा, बैलांचा, गाडी खेचली जातानाचा आवाज स्वतंत्रपणे ध्वनिमुद्रित केला नसेल तर तो येत्या हंगामात आधी करा, कारण कॅमेऱ्यावरच्या माइकमध्ये वाऱ्याखेरीज फारसे काही येत नाही. नमुना तयार झाल्यावर इथेच कळवा. संकलनाच्या पहिल्या खर्ड्यासाठी माझ्याकडून जे काही होण्यासारखे असेल ते मी अवश्य करेन.